अडीचवाले

पंचवटीच्या मार्केट यार्डातून टोमॅटोच्या गाड्या गेल्या
की बुधवारी रात्री वेळेचा लिलाव बसतो.
माल जाळ्यांमधून येतो, वर ओलं गोणपाट,
नाहीतर पहाटेपर्यंत मिनिटं सुकतात.
उन्हाळ वेळ टिकते, चाळीत भरली तर थेट दिवाळीपर्यंत;
लाल वेळेला आठवड्यात मोड फुटतात.
भाव झोपेत.
एक बोट वर, म्हणजे एका रात्रीची झोप.

मी पट्टी लिहितो. सोळा वर्षं झाली.
देणाऱ्याचं नाव, घेणाऱ्याचं नाव, तूट, हमाली.
मला बोली लावायची मनाई आहे
आणि खरं सांगायचं तर लावायला माझ्याकडे झोपही नाही.

खैरनार पुकारतात. आवाज असा
की पत्र्यावरची कबुतरं कूस बदलतात.
"नोटप्रेसमधून रिटायर झालेल्या माणसाची दुपार,
चाळीस मिनिटं, डाग नाही, बघून घ्या, दाबून घ्या,
एक वार…"
कुणी हलत नाही.
"दोन वार…"
आणि तेव्हा येतात ते.

आम्ही त्यांना अडीचवाले म्हणतो.
इरफान कोकणीच्या टपरीमागे चार तास उभे असतात
एकच कटिंग फुंकत,
जाळ्यांकडे चुकूनही न बघता.
दोन आणि तीनच्या मध्ये, जिथे खैरनार श्वास घेतात,
तिथे बोट घालतात,
लागत्या दारात पाय घालावा तसं.
सातपूरचा गोटीराम दरेकर, ज्याला बापाशी झालेलं भांडण
पाच मिनिटं अलीकडे थांबवायचं होतं;
एक मॅडम, नाव कधी सांगितलं नाही,
मुलीच्या नावावरची झोप लावायच्या;
आणि निमसे, ज्यांना काहीच नको होतं,
फक्त दुसऱ्याला मिळू द्यायचं नव्हतं.

बारा मिनिटं घ्यायला चार तास!
हे गणित मी एकदा निमशांना पट्टीच्या पाठीवर मांडून दाखवलं.
म्हणाले, ते चार तास माझे होते का?
ते तर असेही गेले असते.

लिलाव संपला की लंकाबाई बागूल येते.
खराटा, चाळण, डालड्याचा जुना डबा.
यार्डात सांडलेलं वेचायचा तिचा हक्क,
आईपासून आलेला, समितीच्या कुठल्याच कागदावर नसलेला.
कांदा, मिरची, बुधवारी सेकंद.
सगळ्यात जास्त सांडतं ते ओट्यापाशी,
दोन आणि तीनच्या मध्ये, रेटारेटीत.

गेल्या बुधवारी ती आधीच आली.
डबा काट्यावर ठेवला. "हे लावा."
खैरनारांनी झाकण उघडून वास घेतला.
"कुणाची वेळ?"
"तुमच्या श्वासातली. चौदा वर्षांची.
चाळून आणलीय, खडा सापडला तर सांगा."

काटा किंचित खाली गेला.
वजन मी लिहिलं नाही, लिहायला हवं होतं.

"एक वार," खैरनार म्हणाले,
"दोन वार तीन वार."
मध्ये काही नव्हतंच.
टपरीमागून धावत आलेली बोटं अर्ध्यातच राहिली.
दरेकरच्या सदऱ्यावर चहा.
परत बोला, निमसे ओरडले, नीट बोला!
खैरनारांनी पुन्हा पुकारलं, घोटभर पाणी पिऊन पुन्हा.
दर वेळी दोनला चिकटूनच तीन आलं.

बोली नाही तर माल धन्याकडे परत, हा नियम.
लंकाबाईने झाकण दाबलं, पदराने डबा पुसला,
हमालीचे म्हणून चिमूटभर माझ्या टेबलावर ठेवले
आणि मालेगाव स्टँडच्या उताराने घाटाकडे निघून गेली.
घेणाऱ्याचा रकाना मी कोराच ठेवला.

चिमूट कार्बन पेपरात बांधून ठेवली होती.
काल पुडी जराशी उघडली.
नदीपलीकडे कुठेतरी दोनचे ठोके पडून गेले होते,
आणि तीन वाजायच्या आत
मला झोप लागली.