शेवटची सायकल

सगळ्यांच्या पुढे केतकी मॅडम,
हँडलला नकाशा, गळ्यात शिट्टी.
मधे पुण्या-नाशिकचे अकरा जण,
चकचकीत हेल्मेटं, गुडघ्यांना पट्ट्या.
सगळ्यात शेवटी मी.
मला शेपटी म्हणतात.
कामच ते: कुणी मागे राहिलं
तर त्याच्याही मागे राहायचं.

बुराईच्या काठाकाठानं रस्ता.
नदीत पाणी कमी, वाळू जास्त,
वाळूत ट्रॅक्टरच्या चाकांची नक्षी.
दोन्ही अंगांना कापूस फुटलेला.
वेचणाऱ्या बाया कमरेवर हात ठेवून ताठ होतात,
आम्हाला मोजतात.
एक ओरडते, "कथाईन उनात वं माय?"
पुढचे हात हलवतात, गुड मॉर्निंग म्हणतात.
उत्तर माझ्या वाट्याला येतं.
"पुनाथीन!"
ती हसते. "आनि तू?"
मी पॅडल मारतो.

देऊळ गावाच्या पाठीशी.
आधी उकिरडा, मग शाळेची पाण्याची टाकी,
मग एकदम खांब.
केतकी मॅडमचं वाक्य मला पाठ आहे:
चुना नाही, माती नाही, दगडावर दगड,
आपल्याच वजनानं उभं.
इथे त्या थांबतात. लोक वर बघतात.
वेलींची ओळ, हंसांची ओळ,
आणि त्यावरची नुसतीच सपाट,
जणू कारागिराला कुणी जेवायला हाक मारली
आणि तो अजून जेवतोय.
गाभाऱ्यात देव नाही.
वटवाघळांचा उग्र वास,
रिकाम्या चौथऱ्यावर एक झेंडू.
आजचाच.

बाहेर येतो तर माझंच मागचं चाक बसलेलं.
बाभळीचा काटा.
अकरा जणांची पंक्चरं काढणारा मी,
आणि पेटीतलं सोल्यूशन सुकून खडा.

चौकात सिकंदर पिंजारी.
आढ्याला कापूस पिंजायची कमान, धूळ खात,
खाली पाने, पंप, जुन्या ट्यूबांच्या माळा.
पंक्चर बघायला घमेलं नाही त्याच्याकडे,
दगडी कुंड आहे.
काठावर हंस.
पाच सरळ चालणारे, सहाव्याला मान नाही.

मी बघतच राहिलो. त्यानं ओळखलं.
"पूरमा व्हाई उना. बापनी उचली लया.
देऊळवाला लोके उनात ते देई देसू."
कानशी शोधत म्हणाला,
"आजून कोनी मांगाले उनं नही."

ट्यूब पाण्यात गेली. आम्ही दोघं वाकलो.
हंसांच्या पोटाशी काळं पाणी हललं.
एक बुडबुडा.
मग बुडबुड्यांची सरळ रेघ.
"आठे शे," त्यानं बोट ठेवलं,
केतकी मॅडम ठेवतात तसंच:
इथे मूर्ती होती.

घासता घासता विचारलं,
"कोना पोऱ्या शे रे तू?"
मी गाव सांगितलं, बापाचं नाव सांगितलं.
बाप त्याला माहीत नव्हता.
आमच्या घरच्या गाद्या मात्र आठवल्या.
सात गाद्या, म्हणाला, एका लग्नाच्या,
पैसे दिवाळीनंतर मिळाले.
वीस रुपये घेतले. चहा पाजला.

परत आलो तर फोटोसाठी रांग लागलेली.
"अभिषेकाचं पाणी इथून बाहेर पडायचं,
खाली कुंड असणार," मॅडम सांगत होत्या,
"कुठे गेलं, कुणालाच ठाऊक नाही."
अकरा हेल्मेटं हळहळली.
माझ्या बोटांना सोल्यूशनचा वास येत होता.
मी तोंड उघडलं,
मग म्हणालो, "थोडं जवळ या, सगळे बसत नाहीत,"
आणि बटण दाबलं.

परतीच्या वाटेवर उन्हं कलली.
त्या बाया बांधावर भाकर सोडून बसलेल्या,
कळण्याची, ठेच्यासकट.
ती कुठली ते ओळखू येईना,
सगळ्यांनीच डोक्याला रुमाल बांधलेले.
तरी मी सायकलवरून मान वळवून ओरडलो,
"मी आठलाच शे, माय!"

ऐकलं का कुणी, कळलं नाही.
मधे ट्रॅक्टर आला, वाळूनं भरलेला.
पुढून शिट्टी वाजली.