बारा दहा

कॅसेटी तिनं माझ्याकडून किलोनं घेतल्या.
तांडापेठेत माझं दुकान, 'शुभमंगल व्हिडिओ';
पाटी तीच आहे, आत आता मोबाइलची कव्हरं.
माळ्यावर तेवीस वर्षांची लग्नं पडली होती,
काहींचे पत्ते बदललेले, काहींचे नवरे,
न्यायला कधी कोणी आलंच नाही अशीही काही.
पैसे बुडाले, लग्न माझ्याकडे राहिलं.

धकात्यांची तनुजा. वडील माग चालवायचे.
शाळेत होती तेव्हा कोणाच्याही हळदीत
मुद्दाम कॅमेऱ्याकडे पाठ करून बसायची.
मग बडोद्याला जाऊन काय शिकून आली देव जाणे.
"काय करतेस आता?"
"थोडं चित्र, थोडा सिनेमा, थोडं उभं राहणं."
उभं राहणं! "पैसे भेटतात का वं त्याचे?"
"नाही," म्हणाली, आणि तराजू तिनंच धरला.

घरातल्या खड्ड्यात तिनं माग पुन्हा बसवला.
ताणा सुती, पांढरा. बाणा माझ्या कॅसेटींचा.
धोटा इकडून तिकडे जाई
आणि अक्षता, पंगत, रुसलेला मामा,
काळ्या चकचकीत पट्टीत सगळे मुके
फणीनं एकावर एक ठोकले जात.
दिवसाला वीतभर. कधी तेवढंही नाही.
आई कूलरमध्ये पाणी टाकता टाकता म्हणे,
"बापानं नऊवारी विणून पोट भरलं,
हे विणून रायली भुतायचं लुगडं."
पण धागा तुटला की गाठ तीच मारून द्यायची.

सव्वीस मे. शेहेचाळीस अंश.
झिरो माइलच्या खांबाजवळ, चार घोड्यांपुढे,
ते लुगडं नेसून ती सकाळी आठला उभी राहिली,
अनवाणी.
कॅमेरा माझ्याकडे. मला येतं ते एवढंच:
मान जरा वर, थोडं हसा, आहेराचं पाकीट दिसू द्या.
"गजूभाऊ, आज काहीच सांगू नका."

दर दहा मिनिटांनी ती वाकायची
आणि खडूनं स्वतःच्या सावलीची कड काढायची.
आठची सावली कुंपणाच्या गजांत अडकलेली,
नवाची तोकडी, दहाची अजून,
एकीच्या आत एक.
पट्ट्या तापल्या, वास सुटला,
माझ्या जुन्या डेकचा वास.
सळसळ ऐकून रसवंतीवाला आला.
हवालदार आला: "परवानगी?"
तिनं नुसतं खडूच्या रेघांकडे बोट केलं.
त्यानं बराच वेळ पाहिलं, मग स्वतःच्या पायांकडे पाहिलं,
आणि टोपी काढून, डोकं पुसत, झाडाखाली गेला.

"बारा दहाला सावली पायात जाते," ती म्हणाली होती.
"वर्षातून दोनदा.
दुसऱ्यांदा जुलैत, पण तेव्हा ढग असतात."

बारा नऊला कॅमेऱ्यानं मान टाकली.
पडद्यावर तापमापीची खूण, मग काळं.
मी फुंकर मारतोय, ओला रुमाल लावतोय,
आणि तिकडे ती खडू घेऊन वाकलेली
आणि काढायला काही उरलेलं नाही.
ते मी पाहिलं. मी आणि रसवाल्यानं.
तेवीस वर्षांत एकही मंगळसूत्र चुकवलं नव्हतं मी.

रात्री सांगितलं. आवाज फुटत नव्हता.
तळपायाच्या फोडांना हळद लावत तिनं ऐकलं,
आणि सिनेमात त्या जागी
चार मिनिटं काळंच ठेवलं.
तिच्या कमरेच्या रेकॉर्डरमधून फक्त
उसाच्या चरकाचे घुंगरू.

धंतोलीतल्या हॉलमध्ये सतरा माणसं.
एकानं अंधारातच विचारलं, "मशीन बिघडलं का?"
"हो," ती म्हणाली.

लुगडं आता माझ्या माळ्यावर आहे,
घामाचं मीठ पांढरं उमटलेलं.
पदराजवळ कुठेतरी माझ्या बहिणीचं लग्न आहे.
वजन करताना मला ठाऊक होतं.
त्यात बाबा हसले होते, एकदाच,
बुंदी वाढणाऱ्याला काहीतरी म्हणून.
कधी कधी शटर खाली ओढतो
आणि पदर दिव्यापुढे धरतो.
दिसत काही नाही.
सळसळतं.