कोंबडा

बेदाण्याचा सौदा नव्हता त्या दुपारी
नेमगोंडा खुर्चीत बसला आणि म्हणाला,
सुबराव, कोंबडा काढ.

कोंबडा.
आमच्या बाच्या माघारी हा शब्द
तासगावात, निदान माझ्या दुकानात,
कुणी काढला नव्हता.
बा काढायचा. बोटभर व्हॅसलिन, फणीचा उलटा फेर,
कपाळावर केस उभे राहायचे
आणि गिऱ्हाईक शीळ घालत जत्रेला जायचं.
पुढं मशीन आलं, झिरो आला,
आणि हातातला कोंबडा हातातच पेंगला.

नेमगोंडा द्राक्षाचे खुंट बघायला
दोन महिने कॅलिफोर्नियात राहून आलेला.
तिथं बागेत घड विरळणारी माणसं मेक्सिकोची.
सहा दिवस डोक्याला फडकं.
शनिवारी सांजच्याला मात्र
चुय नावाचा त्याचा दोस्त अर्धा तास आरशापुढं,
बायको ठिपक्याठिपक्यांच्या घेरदार झग्यात,
दारात जुनी मोटार, पोट जमिनीला टेकत आलेली
(आमच्या रस्त्याला ती कवलापूरसुद्धा गाठती ना),
आणि गाणी चुयच्या बापाच्याही आधीची,
गोऱ्यांची. रॉकबिली म्हणतात.
नेमगोंडानं विचारलं, ही तुमची गाणी?
चुय म्हणाला, नव्हती.

मिरजेत दस्तगीरकडं एक भोपळा पडून होता,
भीमेकाठचा, तंबोऱ्याच्या मापाबाहेरचा, बाजूला चरा गेलेला.
त्यानं त्याला माणसाएवढी मान लावली,
एम-एटीच्या क्लचवायरी ताणल्या.
तार ओढून सोडली की थप्प,
भोपळ्याच्या पोटात कुणी पायरी चुकल्यासारखं.

ड्रम कुठला असायला?
मरगू हलगी शेकून घेऊन आला.
त्याला सांगितलं, चारच मोजायचे.
त्यानं चार मोजले
आणि पाचवा तोंडानं केला.

रेणुका दिवसभर शेडात बेदाणा निवडते.
परकर तिनं स्वतः शिवला, ठिपक्यांचाच,
वर भावाचा शर्ट, पोटाशी गाठ मारलेला.
कॅसेटमधले शब्द कुणालाच धड लागेनात
तेव्हा तिनं ते काडी-कचऱ्यासारखे निवडून टाकले
आणि मुकादम घातला, चुकलेली एसटी घातली,
पहाटे तीनचा एक मिसकॉल.
कुणाचा ते विचारायचं नाही.

पुण्याहून एक जण बघायला आला.
बूट बरोबर, जाकीट बरोबर, माहिती तर फारच.
म्हणाला, मजा आहे, पण अस्सल नाही.
नेमगोंडा त्याला बागेत घेऊन गेला,
झाडाच्या बुडाशी वाकवलं.
हे खाली डॉगरीज, टेक्सासचं रानटी खोड.
वर आपलं माणिकचमन.
आमच्या खाऱ्या पाण्यात नुसतं आपलं मूळ जळून जातं.
आता सांगा, घड कुणाचा?
पाहुणा द्राक्षं खात राहिला.
निघताना पेटी मागितली, तीही फुकट.

मला कलमातलं कळत नाही.
केसातलं कळतं.
कोंबड्याला केस राठ लागतो, उन्हात तापलेला,
एसीतल्या केसाचा कोंबडा घटकाभरात बसतो.
चुयचा फोटो बघितला मी. भोवरा उजवीकडं,
नेमगोंडासारखाच. असल्या केसाला
बा आधी गरम पाण्याचं फडकं द्यायचा.
तसं लिहून पाठव म्हटलं त्याला.

लिहिण्याऐवजी शेडातलं गाणंच पाठवलं.
गंधकाचा वास तेवढा गेला नाही त्यातनं.
आठ दिवस काही नाही.
मग तिकडनं एक आवाज आला, मोबाईलवर,
द्राक्षाच्या खोक्यावर कुणीतरी बोटं आपटतंय,
मागं बाया हसतायत, कुत्रं भुंकतंय,
एक, दोन, तीन, चार,
आणि पाचवा तोंडानं.

आम्ही सगळे मरगूकडं बघायला लागलो.
त्यानं तीनदा लावून ऐकलं.
हलगी काखेत मारली.
म्हणाला, जरा उशिरा घेतोय.