चिकाची शाई

सावद्याला मालधक्क्याच्या मागे,
जिथे केळीची वाळकी पानं उन्हात अजून फडफडतात,
एक वाचनालय आहे. नगरपालिकेच्या दप्तरी नाही.
एकोणीस वर्षं मी तिथे नोंदी ठेवतो.
पगार विचारू नका.

इथली पुस्तकं जागेवर राहतात, शब्द राहत नाहीत.
संध्याकाळी मिटलेली ओवी
सकाळी दोन ओळी खाली सरकलेली असते.
परवा दळणाच्या गाण्यात 'मले' होतं,
पुस्तक धुळ्याला जाऊन आलं
तर त्यात 'माले' झालेलं,
आणि जात्याच्या जागी पिठाची गिरणी.
मी दंड लावला नाही. कोणाला लावणार?

बोरू सात आहेत.
हुरमत तडवी ते तापीच्या काठावरून तोडून आणते,
पालच्या बाजारातल्या चाकूनं तिरका छेद देते,
म्हणते, "हा खोटं नही लिव्हत. रुसला, तं रुसला."
कुठल्याही पानात शब्द हलला
की दौतीत बोरू थरथरतो,
हात लागायच्या आत उठतो
आणि जुना शब्द समासात उतरवून ठेवतो, तारखेसकट.
त्यातला एक फक्त शिव्यांसाठी उठतो.
त्याच्यामुळे या मुलखातल्या निम्म्या शिव्या वाचल्या.
आमच्याकडे वाचण्याचे दोन्ही अर्थ चालतात.

शाई म्हणजे केळीच्या खोडाचा चीक.
लिहिताना पाणी, कागद कोरा.
आठ दिवसांनी तपकिरी उमटते, मग काळी,
मग कुठल्याही साबणाला विचारा.
माझ्या डाव्या बाहीवर एक अख्खा उखाणा आहे,
बायकोनं तो धुवायचा सोडून दिलाय.

आखाजीला सुपडाबाई झोपे आल्या.
गाव धरणात गेलं त्या वर्षी
लोकांनी तोंडी सांगून लिहवलेला कागद त्यांना हवा होता:
कोणाच्या घराला लागून कोणाचं घर.
मी काढून दिला. त्या बोट ठेवून वाचत गेल्या,
हिरामणचं घर, कडुनिंब, झोप्यांचं घर,
मग बोट थांबलं.
"ही विहीर कुठून आली?"
नवीन वसाहतीत सगळ्यांना आठवते, मी म्हणालो,
म्हणून आली असेल.
"विहीर नव्हती. खोडा."

खोडणं आमच्याकडे नाही.
पण खालच्या खणात एक पितळी टाक आहे,
माझ्या आधीच्या वायकोळे मास्तरांनी चिंधीत गुंडाळलेला.
त्यानं लिहिलेलं पुन्हा हलत नाही.
मास्तरांनी एकदाच वापरला. ते पान मी पाहिलंय,
अक्षर सुंदर, एकही चूक नाही,
आणि मागे नोंद आहे की त्यानंतर कोणी ते मागितलं नाही.

तरी मी टाक त्यांच्या पुढ्यात ठेवला.
का ठेवला, सांगता येणार नाही. आखाजी होती.

त्यांनी टाक उचलला, कागदावर नेला, तिथंच धरला.
"कडुनिंब कुठी लिव्हू?
माह्या डोयात तो उजव्या हाताले,
माय सांगे डाव्या हाताले."
बराच वेळ गेला. बाहेर मालगाडी शंटिंग करत होती.
मग एकदम हसल्या.
"माय दाराकडं पाठ करून बसायची ना."

टाक त्यांनीच परत चिंधीत गुंडाळला.
दौतीतला एक बोरू घेतला, सर्वांत आखूड,
आणि ओल्या पाण्यानं काहीतरी लिहून
कोरा कागद माझ्या हाती दिला.
आठ दिवसांनी येते म्हणाल्या. आल्या नाहीत.

आठव्या दिवशी तपकिरी ओळ वर आली:
विहीर नव्हती.

नवव्या दिवशी मी कुलूप काढलं
तेव्हा आखूड बोरू आधीच उठलेला होता.
ओळीत आता 'विहीर व्हती'.
समासात, तारखेच्या शेजारी,
तो सावकाश, काना न विसरता,
एकटा 'न' लिहीत होता.