रात्रपाळी नसलेली रात्र

गुरुवारची सुट्टी मिळाली. अकरा वर्षांत
मोजून चौथी.
म्हटलं, शहर रात्रीच बघू. आजवर रात्र
आपणहून यायची माझ्याकडे, स्ट्रेचरवरून.

मुहर्रकच्या पोस्टापाशी जमलो सात जण.
वाट दाखवणारी मुनीरा. पायात पळायचे बूट,
हातात विजेरी, जी तिने एकदाही लावली नाही.
"आधी अंधार," ती म्हणाली, "उजेड नंतर.
उलटं केलं तर अंधार दिसतच नाही."

खांदे घासतील एवढ्याच गल्ल्या.
प्रवाळदगडाच्या भिंतीला सहज हात लावला:
ताप उतरू लागलेल्या माणसाचं कपाळ.
(माझी बोटं थर्मामीटरच्या आधी बोलतात.)
खांबांवर दिव्यांचे पांढरे गोळे, आणि
एका उघड्या दारातून ढोल, टाळ्या,
पुरुषांचा एकच जड, लांबवलेला सूर.
"बुडी मारणाऱ्यांची गाणी," मुनीरा म्हणाली,
"गाणाऱ्यांतला एकही कधी बुडी मारलेला नाही."

मग सांगितलं तिने: नाकाला चिमटा, पायाला दगड,
कमरेला दोर.
वर नावेत एक जण तो दोर धरून बसलेला.
खालून हिसका आला की ओढायचं.
या वरच्याला म्हणतात सैब.
त्याला मोती दिसत नाहीत, फक्त दोर.

मी काहीच बोलले नाही.
कॅज्युअल्टीत बसल्या बसल्या
अकरा वर्षं मी काय करते,
त्याला अरबीत शब्द आहे तर.

आमच्यात एक तेराउची होते, कोबेचे,
जन्मभर मोती निवडलेले.
टोपी काढून म्हणाले, इथला धंदा बसला
तो आमच्या मोत्यांमुळे. माफ करा.
मुनीरा हसली. "माझे पणजोबा मग तेलात लागले.
पगार झाला. कानही वाचले."
तेराउचींनी टोपी परत घातली नाही.

पूल ओलांडून जुफैर.
इथे उजेड आधी कानात शिरतो.
आठव्या मजल्यावर मनिलाचा बँड, खाली
पुलापलीकडच्या नंबरप्लेटी, दार न उघडता
हॉर्नवरच बोलणाऱ्या,
जांभळी, हिरवी, पुन्हा जांभळी फरशी.
बाकीचे फोटो काढत होते.
मी कोपरे ओळखत होते:
तो जिना — दोन वाजून दहा, डावी भुवई, सहा टाके.
ते पार्किंग — मुलगी, नाव सांगितलं नाही,
सँडल एकच.
मला हे शहर पाठ होतं,
फक्त उभं असलेलं बघितलं नव्हतं.

"सिस्टर!"
लाल कोट, सोनेरी बटणं, डोक्यावर फेटा,
जो त्याच्या गावात कुणी बांधत नसेल.
पोचय्या, निजामाबादचा. टाइल कापायची मशीन,
उजवा तळवा, रमजानची तिसरी रात्र.
त्याने पांढरा मोजा काढला
आणि हॉटेलच्या दारात, गाड्या थांबलेल्या असताना,
मूठ मिटून दाखवली. उघडून दाखवली.
पुन्हा मिटून.
करंगळी मागे राहते अजून, जराशी,
शाळेला निघालेल्या धाकट्यासारखी.

अंगठ्याने वण दाबून पाहिला मी. सवय.
"थंडीत दुखतं?"
"इथे थंडी कुठे, सिस्टर. दार उघडतो ना,
आतला एसी येतो. तेव्हा दुखतं."

मागून हॉर्न. त्याने मोजा चढवला,
दार ओढलं. गार झोत आला, अत्तराचा, तळणाचा.
त्याच्या चेहऱ्यावर काही दिसलं नाही.
मी चेहरा बघतही नव्हते.

गुदैबियात करक चहा घेताना
तेराउचींनी विचारलं, आवडलं कुठलं?
मुहर्रक की जुफैर?
कागदी पेला फार भाजत होता,
या हातातून त्या हातात करत राहिले.
सांगणार होते काहीतरी.
तेवढ्यात कुठेतरी सायरन वाजला, लांब,
आणि सगळ्यांत आधी
माझीच मान वळली.