पानी आनलं

शाळेसमोरच्या घरात पार्बताबाई सोनकुसरे
दिवसभर कांड्या भरायची.
मी नवा मास्तर, हातात रूळ, फळ्यावर ण काढलेला.
पाणी, मी म्हणायचो.
पानी, पोरं म्हणायची, एका सुरात.
पलीकडे रहाट क्षणभर थांबायचा, पुन्हा फिरायचा.

आंधळगावात कुणीही सांगेल, बाई सिनेमात होती.
किती सिनेमांत, ते ती बोटांवर मोजायची:
एकात वारा घालणारी,
एकात शापाने दगड झालेली
(दगडाचं काम सोपं, पण नाकावर माशी बसली),
दोनांत नुसती गर्दी.
अंगठा राखून ठेवायची.
पडद्यावर नाव एकदाच आलं, मिस पर्णलता,
तेही चौघींच्या खाली, आणि तिला वाचता येत नव्हतं.

तुमसर रोडला गाडीत बसली तेव्हा सोळाची.
कंपनीच्या मॅनेजरला राणीसाठी कोशाचं लुगडं हवं होतं,
बापाने ते विकलं
आणि नेसून दाखवायला पोरगी धाडली.
असं ती सांगायची. गाव दुसरंच सांगायचं.
मी दोन्ही ऐकून घेतलं.

सिनेमा मुका होता तोवर तिचं बरं चाललं.
चांदीच्या कागदाचे फळे तोंडावर ऊन फेकायचे,
पुढे दिवे आले, मग रात्री डोळ्यांवर बटाट्याच्या चकत्या.
महिना पस्तीस. त्यातले वीस मनीऑर्डरीने इकडे.

मग सिनेमा बोलायला लागला.
माइक फुलदाणीत लपवलेला,
आणि तिला आख्खं एक वाक्य मिळालं:
महाराणी, पाणी आणलं आहे.
आठ दिवस घोकलं, न्हाणीत, जिन्यावर, झोपेत.
कुणाकडून तरी पत्रात लिहून घरीही धाडलं.
सुरई घेऊन ती डावीकडून आली.
महारानी, पानी आनलं.
पुन्हा. पानी. पुन्हा.
चौदाव्या खेपेला आवाजवाल्याने कानांवरचं काढून ठेवलं
आणि राणी झालेली बाई हसली.
हसली त्याचं काही नाही, पार्बताबाई म्हणायची,
तिला खरंच तहान लागली होती, गुरुजी,
अन् सुरई रिकामी.

दिवाळीनंतरच्या मंडईत तंबू आला, त्यात तो सिनेमा.
इकडे तिचा भाऊ फागोजी दरसाल गमतीत राणी व्हायचा,
मिशा भादरून, घरचंच लुगडं नेसून.
गावाला माहीत असलेली राणी ती एवढीच.
सगळी कोष्टीआळी पुढे मांडी घालून बसली.
पार्बता डावीकडून आली. ओठ हलले.
आवाजाच्या जागी सारंगी.
काय म्हनते रे ते?
कुणाला ठाऊक.

दुसऱ्या खेळाला फागोजीने अंधारात
आपला गमतीतला आवाज काढला
आणि तिच्या ओठांवर ठेवला:
महारानी, पानी आनलं!
पत्रात पाणीच होतं. घरी वाचताना पानी झालं होतं.
कुणी हसलं नाही.
मागून एक म्हातारी म्हणाली, दे मंग, पिऊ दे.

पार्बता तेव्हा तिकडेच होती, गर्दीत, आणखी दोन वर्षं.
परत आल्यावर भावानेच तिला हे सांगितलं.
रडलात का दोघं, मी विचारलं.
रडाचं काय त्याच्यात, ती म्हणाली,
जरा लवकर बोलला तो. ओठ मागून हालले.
आणि तुटलेला धागा जिभेवर ओला करून
तिने कांडीला जोडला.

त्या वर्षी रूळ मी रेघा मारायलाच वापरला.
ण फळ्यावर होता तसा राहिला.
मार्चमध्ये साहेब तपासणीला आले,
उन्हातून सायकल मारत, घसा कोरडा.
पहिल्या रांगेतली कौतिका तांब्या घेऊन उठली.
साहेब, पानी आनलं.
साहेबांनी आधी माझ्याकडे पाहिलं.
पलीकडे रहाट थांबलेला.
मग त्यांनी तांब्या वर धरला
आणि खाली ठेवलाच नाही, संपेपर्यंत.