थांबं

तांब्याचं धाकटं भावंड, म्हणायचे अण्णा,
पण अंगानं थोराड, आणि मुकं.
रामशेजच्या मागं, काळ्या पाषाणाच्या पोटात
गारगोटीला कूस लावून निजलेलं असतं.
रंग ओल्या राखेचा.
चव विचारू नका. चुलत्यानं जिभेवर ठेवून पाहिलं,
त्याच्या ओठांवर एक शब्द
अजून अर्धा आहे.

थांब्याच्या भांड्यात पडलेलं थांबतं.
दूध नासत नाही, निखारा विझत नाही,
मखमलाबादची द्राक्षं आजोबांच्या लग्नातली
परवा फोडली, देठ ओले होते.

आळीत कुणी थांबं ठोकायला बसलं
की गिऱ्हाईक दुकान बंद समजून परत जायचं.
हातोडा उठतो, पडतो, उठतो,
आवाज नाही.
तोही आतच राहतो.
तांब्याच्या ठणठणाटात गाढ झोपणारी आम्ही पोरं
त्या शांततेत दचकून उठायचो.

मग लागोपाठ तिसऱ्या वर्षी
पाणी दुतोंड्या मारुतीच्या गळ्याशी आलं,
भांडीबाजारात हंडे एकमेकांना धडकत तरंगले,
आणि पंचांनी हुकूम काढला: नदीला झाकण करा.
अण्णा म्हणाले, झाकण पातेल्याला असतं.
पंच म्हणाले, आधी पैसे मोजून घ्या.

बेचाळीस तांबट. नऊ महिने.
या घाटापासून त्या घाटापर्यंत उभा पत्रा,
पोळीइतका पातळ,
खालून रोजच्या गोदेला जाण्यापुरती फट.
भाद्रपदात पूर आला
आणि पत्र्याला टेकून उभा राहिला.

अजून आहे.
देवळाच्या कळसाएवढं तांबूस पाणी, न हलणारं.
त्यात केळीचा एक खांब,
कुणाचं अर्धं पिळलेलं धोतर,
आणि गंगापूरकडची म्हैस,
डोळे उघडे, रवंथ मध्येच.
जिवंत काही थांबवायचं नाही, हा आमच्या धंद्याचा नेम.
म्हशीला कुणी विचारात घेतलं नव्हतं.

दर बुधवारी बाजार उरकून
ठकूबाई बेंडकुळे येते, गवताची पेंढी घेऊन.
पत्र्यापाशी ठेवते. चंद्रे, म्हणते, चंद्रे,
मग मेथीचे भाव सांगते तिला,
सुनेच्या कागाळ्या सांगते.
आधी लोक हसायचे. आता
तिच्यासाठी पायरी मोकळी ठेवतात.

अण्णा गेल्यावर खिळे आवळायचं काम माझ्याकडं आलं.
वर्षातून एकदा, अमावस्येला, एकशेआठ खिळे.
यंदा अमावस्या बुधवारी पडली.
ठकूबाई म्हणाली, एक खिळा सैल कर गं.
एवढासा. म्हशीपुरता.

म्हशीपुरतं भोक नसतं, मावशी.
म्हशीमागं दहीपूल आहे, सराफबाजार आहे,
तुझी सून आहे.

हे सगळं मी बोलले, आणि हातोडा उलटा धरला.
तिच्यासाठी नव्हे. खोटं कशाला सांगू.
नऊ महिन्यांचे ठोके आहेत त्या पत्र्यात.
पाऊण आटा फिरवला, फक्त पाऊण.

आधी काहीच नाही.
मग एक ठोका बाहेर आला.
एकच. किंचित तिरका पडलेला.
बेचाळिसांत डावखुरा एकटाच होता.

आणि पायावर पाणी सांडलं, ओंजळभर,
बावीस वर्षांपूर्वीच्या भाद्रपदातलं,
अजून गार.

मी खिळा आवळला. जरा जास्तच आवळला,
हाताची साल निघाली.
मागं ठकूबाई गप्प.
वळून पाहिलं तर ती पाण्याकडं बघत होती,
तोंडाला पदर लावून.
जबडा हलला तिचा, म्हणाली,
एकदा, या बाजूनं त्या बाजूला.

मी पाहिलं नव्हतं. मी ऐकत होते.

तिनं कालची पेंढी उचलली, झटकली,
दोन काड्या मोडून वास घेतला.
फार वाळलंय हे, म्हणाली,
पुढल्या बुधवारी ओला घास आणते.